आंबेलाकियाचे लाल सूत

ग्रीस देशात थेसली नावाचा एक विस्तीर्ण सपाट प्रदेश आहे. त्याच्या ईशान्येस दोन पर्वत समोरासमोर उभे आहेत. उत्तरेचा ऑलिंपस हा 2,900 मीटरांहूनही उंच असून प्राचीन ग्रीक लोक त्यास आपल्या देवांचे निवासस्थान मानीत असत. दक्षिणेचा ओसा हा उंचीने त्याहून पुष्कळ कमी आहे. दोघा बलाढ्य भावांनी स्वर्गावर चढाई करण्यासाठी ऑलिंपसवर ओसा आणि ओसावर पेलिऑन असे पर्वतावर पर्वत रचण्याचा घाट घातला होता, अशी एक जुनी ग्रीक कथा आहे. या दोन पर्वतांमधील अरुंद घळीतून पिनिओस नदी समुद्राकडे वाहत जाते. तिच्या काठी चिनार वृक्षांची दाट झाडी आहे. या घळीस टेंपेची दरी असे म्हणतात.

या दरीच्या वर, ओसा पर्वताच्या उतारावर आंबेलाकिया हे लहानसे गाव वसले आहे. ‘आंबेलाकिया’ या शब्दाचा अर्थ ‘लहान लहान द्राक्षमळे’ असा आहे. गावाची घरे उतारावर एकीवर एक रचल्यासारखी दिसतात. गल्ल्या अरुंद, चढउताराच्या व दगडांनी बांधलेल्या आहेत. आज तेथे काहीशे लोकच राहतात. एखादा वाटसरू सहज तेथे गेला, तर डोंगरातील एक शांत खेडे यापलीकडे त्याला काही विशेष वाटणार नाही. परंतु सुमारे सव्वादोनशे वर्षांपूर्वी याच खेड्यातील लाल सूत व्हिएन्ना, लाइपझिग, ड्रेस्डेन अशा दूरदूरच्या नगरांत विकले जात होते, आणि या खेड्याचे नाव युरोपातील व्यापारी आदराने घेत होते. हे वैभव गावाला कसे लाभले आणि ते कसे गेले, याची हकिकत मोठी उद्बोधक आहे.

अठराव्या शतकात ग्रीस देशावर तुर्की सुलतानाचे राज्य होते. आंबेलाकियाचे लोक सुलतानाला ठरावीक कर भरीत आणि गावाचा अंतर्गत कारभार मात्र आपल्या वडीलधाऱ्या मंडळींच्या विचाराने चालवीत. गाव डोंगरात असल्यामुळे तेथे धान्याची शेती फारशी होण्यासारखी नव्हती. उतारावर द्राक्षाचे वेल लावता येत. पण तेवढ्यावर साऱ्या गावाचा निर्वाह होणे कठीण होते. ज्या भूमीने अन्न कमी दिले, त्या भूमीच्या लोकांना हाताच्या कौशल्यावर अवलंबून राहावे लागते. आंबेलाकियाच्या लोकांनी असेच एक कौशल्य हस्तगत केले होते. ते म्हणजे कापसाच्या सुताला पक्का लाल रंग देण्याची कला.

थेसलीच्या सपाटीवर कापूस पिकत असे. तसेच त्या भागात मंजिष्ठेच्या जातीची एक वनस्पती होत असे. तिच्या मुळांत तांबडा रंग असतो. आपल्या देशातही मंजिष्ठा व तुरटी यांच्या साहाय्याने सूत रंगविण्याची विद्या फार प्राचीन आहे. मोहेंजोदडो येथे सापडलेल्या कापसाच्या कापडाच्या तुकड्यावर याच प्रकारचा रंग आढळला आहे. लोकर किंवा रेशीम रंग लवकर धरते. कापूस मात्र सहजासहजी रंग धरीत नाही. म्हणून आंबेलाकियाचे रंगारी सुताच्या लडी प्रथम क्षाराच्या पाण्यात उकळीत. मग त्या ऑलिव्हच्या तेलात व जनावरांच्या शेणाच्या पाण्यात पुनःपुन्हा भिजवीत आणि प्रत्येक वेळी वाळवीत. त्यानंतर मायफळ आणि तुरटी यांच्या पाण्यात त्या बुडवीत, म्हणजे सुतावर रंग घट्ट बसे. एवढे सर्व झाल्यावर मंजिष्ठेच्या मुळांच्या चूर्णाबरोबर त्या लडी उकळीत व शेवटी धुऊन स्वच्छ करीत. या साऱ्या खटाटोपाला कित्येक आठवडे लागत. पण एकदा चढलेला तो लाल रंग उन्हाने फिका होत नसे व धुण्याने जात नसे. युरोपातील रंगाऱ्यांना ही विद्या पुष्कळ काळ अवगत नव्हती. त्यामुळे तेथील विणकरांत या सुताला मोठी मागणी असे.

हे काम एकट्या दुकट्याचे नव्हते. पुरुष रंगशाळेत सूत रंगवीत. स्त्रिया घरी कापूस पिंजून सूत कातीत. मुलेदेखील आपापल्या शक्तीप्रमाणे हातभार लावीत. त्या काळी सालोनिका नगरात फेलिक्स बोजूर नावाचा फ्रेंच वकील राहत होता. त्याने ग्रीस देशाच्या व्यापारावर एक ग्रंथ लिहिला. त्यात त्याने आंबेलाकियाचे मोठ्या कौतुकाने वर्णन केले आहे. त्याच्या सांगण्याप्रमाणे गावात 24 रंगशाळा होत्या आणि त्यांतून दरवर्षी सुताच्या सुमारे 2,500 गासड्या बाहेर पडत. एकेका गासडीचे वजन 100 ओका, म्हणजे आजच्या मापाने सव्वाशे किलोंहून थोडे अधिक असे. पंधरा वर्षांत गावाची वस्ती तिपटीने वाढून 4,000 वर गेली होती. तेथील उद्योग पाहून हे तुर्की राज्यातील खेडे नसून हॉलंडमधील एखादे गजबजलेले गाव असावे, असे त्याला वाटले.

आरंभी गावात अनेक लहान लहान मंडळ्या होत्या. प्रत्येक मंडळी आपले सूत निराळे रंगवी व निराळे विकी. आता कल्पना करा : एकाच गावचे दोन व्यापारी एकाच पेठेत एकच माल घेऊन उभे राहिले, तर काय होईल? एकाने भाव थोडा उतरविला की दुसऱ्याला तो आणखी उतरवावा लागेल. लाभ होईल तो विकत घेणाऱ्याचा. हानी होईल ती दोघांची. आंबेलाकियाच्या लोकांच्या हे लवकरच ध्यानात आले. भावाभावांतील ही चढाओढ थांबवावी आणि सर्वांनी मिळून एकच मंडळी स्थापन करावी, असे त्यांनी ठरविले. 1778 साली ही एकत्र मंडळी स्थापन झाली असे मानले जाते. तिच्या नावात ‘समाईक भागीदारी’ या शब्दांबरोबरच ‘बंधुभाव’ हाही शब्द होता.

या मंडळीचे नियम विचारपूर्वक केलेले होते. भांडवलाचा एक भाग 5,000 पियास्त्रांचा होता. पियास्त्र हे त्या वेळचे तुर्की नाणे. कोणीही 20,000 पियास्त्रांहून अधिक रक्कम मंडळीत गुंतवू नये, असे बंधन घातलेले होते. श्रीमंतांनी सारा नफा गिळंकृत करू नये, हा त्याचा हेतू. पण ज्या मजुरापाशी 5,000 पियास्त्र नाहीत, त्याने काय करावे? त्यासाठीही मार्ग होता. असे मजूर एकत्र येत, आपली थोडी थोडी शिल्लक जमा करीत व सर्वांच्या वतीने एक भाग विकत घेत. शिवाय मजुराचे श्रम हेही त्याचे भांडवलच होय, असे समजून नफ्याच्या वाटणीत ते हिशेबात धरले जात. ज्याच्यापाशी पैसा आहे तो पैसा देई आणि ज्याच्यापाशी केवळ दोन हात आहेत तो आपले हात देई. दोघेही त्या मंडळीचे भागीदारच असत.

आणखी एक गोष्ट लक्षात घेण्यासारखी आहे. पहिल्या काळात नफा पुष्कळ होत होता. परंतु भागीदारांना शेकडा 10 पेक्षा अधिक नफा वाटावयाचा नाही, असा निर्बंध होता. उरलेली रक्कम भांडवलात घालीत. हाती आलेला पैसा एकदम खर्चून टाकण्याचा मोह त्यांनी आवरला. त्याचे फळ असे की, दोन वर्षांत मंडळीचे भांडवल 6,00,000 पियास्त्रांवरून 10,00,000 पियास्त्रांपर्यंत चढले.

गावात तीन चालक मंडळीचा कारभार पाहत असत आणि व्हिएन्ना येथे आणखी तिघा भागीदारांना सहीचा अधिकार दिलेला होता. पेस्ट, ट्रिएस्ट, लाइपझिग, सालोनिका, कॉन्स्टँटिनोपल, स्मिर्ना अशा नगरांत मंडळीचे अडते होते. ते माल उतरवून घेत, विकत आणि आलेली रक्कम योग्य ठिकाणी पोहोचवीत. रेल्वे नाही, तार नाही. डोंगरवाटा, नद्या व दऱ्या ओलांडून शेकडो कोस माल न्यावयाचा. अशा काळात एका खेड्यातील माणसांनी एवढा पसारा परस्परांच्या विश्वासावर उभा केला. शेकडो कोसांवरच्या भागीदाराने पाठविलेल्या हिशेबावर गावातील माणूस विसंबून राही. विश्वास हेच मंडळीचे खरे भांडवल होते.

या संपत्तीने गावाचे रूप पालटले. गावात चांगली शाळा चालू झाली. विद्वान शिक्षक तेथे शिकवू लागले. ग्रंथसंग्रह झाला. गोरगरिबांना व आजाऱ्यांना साहाय्य मिळू लागले. व्यापारासाठी परदेशी राहून आलेले तरुण जर्मन भाषा बोलत. नव्या विचारांचे वारे त्यांच्याबरोबर त्या डोंगरगावात शिरले.

त्या वैभवाची साक्ष देणारे एक घर आजही तेथे उभे आहे. मंडळीचा प्रमुख जॉर्जिओस माव्रोस याचे ते घर. ग्रीक भाषेत ‘माव्रोस’ म्हणजे काळा. व्हिएन्नामध्ये व्यापार करताना त्याने आपल्या नावाचे जर्मन भाषांतर करून ‘श्वार्त्स’ हे नाव धारण केले आणि त्याच नावाने तो प्रसिद्धीस आला. 1787 ते 1798 या काळात त्याने हे तीन मजली घर बांधले. खालच्या भिंती जाड दगडी आहेत. वरचे मजले लाकडी आधारांवर गल्लीकडे पुढे आलेले आहेत. मंडळीचे दप्तर व तिजोरी याच घरात होती. वरच्या दालनांच्या भिंतींवर व छतांवर फुले, वेली व निसर्गदृश्ये रंगविलेली आहेत. बाहेरून किल्ल्यासारखे कणखर आणि आतून बागेसारखे शोभिवंत असे हे घर आहे. ते आता संग्रहालय म्हणून जपलेले आहे.

परंतु भरती आली म्हणजे ओहोटीही येते. आंबेलाकियाची ओहोटी एका बाजूने आली नाही. ती एकाच वेळी अनेक बाजूंनी आली.

पहिला घाला घरातूनच पडला. मंडळीच्या एका नियमाचा भंग झाला आणि त्यावरून भागीदारांत तंटा सुरू झाला. गावात दोन तट पडले. ज्यांनी एका रंगशाळेत खांद्याला खांदा लावून काम केले, ते न्यायालयात एकमेकांसमोर उभे राहिले. खटले कॉन्स्टँटिनोपलला गेले, सालोनिकाला गेले, व्हिएन्नालाही गेले. साक्षीदारांना प्रचंड खर्च करून गावोगाव न्यावे लागले. एका न्यायाधीशाने निकाल दिला, की हरलेला पक्ष तो नाकारून दुसरीकडे धाव घेई. अनेक वर्षे हा कलह चालला. ज्या पैशाने मंजिष्ठा आणि कापूस विकत घ्यावयाचा, तो वकिलांच्या व वाटखर्चाच्या पायी वेचला गेला. अखेरीस एकत्र झालेली मंडळी फुटली व तिचे पुन्हा लहान लहान तुकडे झाले.

दुसरा घाला व्हिएन्नाहून आला. मंडळीचा पुष्कळ पैसा तेथे ठेवलेला होता. नेपोलियनशी झालेल्या युद्धांमुळे ऑस्ट्रियाचे सरकार कर्जबाजारी झाले आणि 1811 साली त्याने आपले दिवाळे जाहीर केले. जुन्या पाच नोटांच्या जागी नवी एकच नोट मिळेल, अशी आज्ञा निघाली. वर्षानुवर्षांच्या कष्टांनी साठविलेली ठेव पाहता पाहता मातीमोल झाली.

तिसरे संकट इंग्लंडमधून आले. तेथे सूत कातण्याची यंत्रे निघाली होती. शेकडो स्त्रियांनी दिवसभर टकळीवर कातावे, तेवढे सूत एखाद्या गिरणीत सहज निघू लागले. ते सूत स्वस्त होते व सारखे होते. रंगाचे रहस्यही आता ग्रीक लोकांपुरते राहिले नव्हते; 1747 च्या सुमारासच फ्रान्समधील व्यापाऱ्यांनी ग्रीक रंगारी आपल्या देशात नेऊन ती विद्या शिकून घेतली होती. याच सुमारास यानिनाचा सत्ताधीश अली पाशा याने त्या प्रदेशात करांचे ओझे वाढविले. रंगशाळा एकामागून एक बंद पडल्या. लोक उद्योगाच्या शोधात गाव सोडून जाऊ लागले.

आंबेलाकियाच्या लोकांनी आपसांत भांडण केले नसते, तर हे वैभव टिकले असते काय? याचे उत्तर देणे सोपे नाही. इंग्लंडची यंत्रे त्यांच्या एकीने थांबली नसती. ऑस्ट्रियाच्या सरकारचे दिवाळेही टळले नसते. पुढे 1868 साली जर्मन रसायनशास्त्रज्ञांनी मंजिष्ठेतील तांबडा रंग प्रयोगशाळेत तयार केला आणि थोड्याच वर्षांत त्या वनस्पतीची लागवड सर्वत्र मागे पडली. तेव्हा तो धंदा आज ना उद्या संपणारच होता. परंतु एकजूट असती, तर धंदा गेल्यावरही माणसे एकत्र राहिली असती. जमलेल्या पैशाने, अनुभवाने आणि परदेशांतील ओळखींनी त्यांना दुसरा एखादा मार्ग शोधता आला असता. वादळ आले तेव्हा नाव तर जुनी झालीच होती. पण नावाडीही वल्ही टाकून एकमेकांशी भांडत होते.

यानंतरचा काळ सामान्यपणे गेला. 1881 साली थेसलीचा बहुतेक भाग स्वतंत्र ग्रीस देशात सामील झाला व त्याबरोबर आंबेलाकियावरील तुर्की सत्ता संपली. पण या गावाच्या जुन्या मंडळीची आठवण मात्र पुसली गेली नाही. 1875 साली फ्रान्स्वा बुलांजे या फ्रेंच लेखकाने पॅरिसमध्ये या गावावर एक पुस्तक प्रसिद्ध केले आणि श्रम व भांडवल यांचा मेळ कसा घालावा याचा हा उत्तम नमुना होय, असे प्रतिपादन केले. इंग्लंडमधील रॉचडेल गावच्या 28 कामगारांनी 1844 साली काढलेले दुकान हे आधुनिक सहकाराचा आरंभ समजले जाते. आंबेलाकियाची मंडळी त्याच्याही आधी सहासष्ट वर्षे अस्तित्वात आली होती. म्हणून पुष्कळ लोक तिला जगातील पहिल्या सहकारी संस्थांपैकी एक मानतात.

आजच्या आंबेलाकियात रंगशाळा नाहीत. तरीही एकत्र येऊन काम करण्याची वृत्ती तेथून सर्वस्वी गेली असे म्हणता येणार नाही. 1980 नंतरच्या दशकात गावातील स्त्रियांनी आपली एक सहकारी संस्था काढली. गाव पाहण्यास येणाऱ्यांना घरांतील खोल्या राहण्यास द्याव्यात, त्यांची उत्तम व्यवस्था ठेवावी आणि त्यातून संसाराला हातभार लावावा, असा त्यांचा उद्देश होता. ज्यांच्या पणज्यांच्या आज्यांनी दारापुढे बसून सूत कातले असेल, त्याच घरांतील लेकीसुना पुन्हा एकदा एका संस्थेच्या सभासद झाल्या.

श्वार्त्सच्या घरातील रंगीत दालने पाहून प्रवासी बाहेर येतो, तेव्हा समोर ऑलिंपसचा उतार दिसतो आणि खाली टेंपेची दरी दिसते. याच उतारावरून एके काळी लाल सुताच्या गासड्या खाली उतरत असत. तो रंग पक्का होता. उन्हापावसाने तो जात नसे. सुतावर रंग पक्का बसविण्यासाठी आंबेलाकियाचे रंगारी कित्येक आठवडे खपत, त्यात हयगय करीत नसत. माणसांमधील विश्वासालाही तशीच जपणूक लागते. ती ज्या काळात त्यांनी केली, त्या काळात एका लहानशा डोंगरगावाचे नाव साऱ्या युरोपात झाले.

स्वाध्याय

1. आंबेलाकियाच्या लोकांना शेतीपेक्षा हाताच्या कौशल्यावर अधिक अवलंबून का राहावे लागले?
2. सुताला पक्का लाल रंग देण्याची रीत आपल्या शब्दांत क्रमाने लिहा.
3. कोणीही 20,000 पियास्त्रांहून अधिक रक्कम गुंतवू नये, हा नियम का केला होता? मजुरांना भागीदार होण्यासाठी कोणता मार्ग होता?
4. ‘विश्वास हेच मंडळीचे खरे भांडवल होते,’ हे विधान धड्यातील उदाहरणे देऊन स्पष्ट करा.
5. मंडळीच्या ऱ्हासाची कारणे सांगा. त्यांपैकी कोणते कारण गावकऱ्यांना टाळता आले असते?
6. पुढील शब्दप्रयोगांचा वाक्यांत उपयोग करा : हस्तगत करणे, हातभार लावणे, खांद्याला खांदा लावणे, मातीमोल होणे, हयगय करणे.
7. तुमच्या गावातील किंवा जवळपासच्या एखाद्या सहकारी संस्थेची माहिती मिळवून दहा ओळी लिहा.